बरोबरीची माती

कोर्टाला हळदीचा वास येत होता. शब्बीर आतारने खेळाची पिशवी कुंपणाशी ठेवली, चिमूटभर लाल माती उचलली, बोटांत चोळली आणि नाकाशी नेली. हळद, ताक, गोडे तेल. आणि जरा थांबून हुंगले तर लिंबूसुद्धा. आजवर तो मुरमावर खेळला होता, वारुळाच्या मातीवर खेळला होता, शेणाने सारवलेल्या अंगणवजा कोर्टांवरही खेळला होता. परंतु ज्याला फक्त फोडणी द्यायची राहिली आहे असे कोर्ट तो प्रथमच पाहत होता.

“काय हुंगतोस रं? माती हाय, बिर्याणी न्हाई,” मागून आवाज आला.

ते कोंडाजी वस्ताद होते, पौडच्या तालमीचे. लहानपणी शब्बीरने त्यांच्याच हौद्यात अंग मळवले होते आणि पुढे धरणावरच्या साहेबांच्या क्लबात रॅकेट हाती लागल्यावर लंगोट खुंटीला टांगला होता. वस्तादांनी ही गोष्ट कधी माफ केली नव्हती आणि कधी बोलूनही दाखवली नव्हती.

“वस्ताद, ह्यात ताक घातलंय?”

“मग काय पानी घालू? घागरीनं ताक घातलंय, डब्यानं तेल. पोरीच्या लग्नात एवढी हळद लागली न्हाई मला.”

“पर चेंडू उडंल का ह्याच्यावर?”

वस्तादांनी त्याच्याकडे कीव येऊन पाहिले. “मातीवर मानूस पडतो, शब्ब्या. उडायचं काय काम?”

हा चमत्कार कसा घडला हे समजण्यासाठी पुण्यातील एका जिमखान्याची रसिकता ध्यानात घ्यावी लागते. १९८४ सालच्या जानेवारीत धंदेवाईक टेनिसची चार आठवड्यांची एक साखळी या देशात भरली होती. जगातल्या टेनिसच्या जिन्याची ही सर्वांत खालची पायरी; हिच्याखाली फक्त जमीन. तिसरा आठवडा पुण्याच्या वाट्याला आला होता. परंतु ऐन वेळी जिमखान्याने आपली कोर्टे एका मंत्र्याच्या पुतणीच्या लग्नाला दिली, आणि नेटच्या खांबांना केळीचे खुंट बांधले गेले. तेव्हा मुळशीच्या धरणाकाठचे बागायतदार हैबतराव ढमाले पुढे सरसावले. आपल्या बंगल्यासमोर परदेशी माणसे धावताना पाहावीत अशी त्यांची फार दिवसांची इच्छा होती. टेनिस संघटनेचे सेक्रेटरी आणि स्पर्धेचे रेफरी सबनीस यांनी कोर्ट कसे बांधावे याविषयीची इंग्रजी पुस्तिका ड्रायव्हरच्या हाती त्यांच्याकडे धाडली. हैबतरावांनी तिच्यातले चित्र पाहिले, माती तांबडी असल्याची खात्री करून घेतली आणि कोंडाजी वस्तादांना बोलावणे पाठवले. या देशात ज्ञानाचा प्रसार असाच होत आला आहे: वरून ग्रंथ निघतो आणि खाली चित्र पोहोचते.

शब्बीर एकतीस वर्षांचा होता. तो रेल्वेत खेळाडू म्हणून लागला होता आणि खेळण्यासाठी मिळणारी त्याची सवलत मार्चअखेर संपणार होती. त्यानंतर तिकिटाची खिडकी. जागतिक क्रमवारीत ज्याच्या नावावर एकही गुण नाही तो मनुष्य, संघटनेच्या लेखी, टेनिस खेळतच नाही. आणि शब्बीर असा अकरा वर्षे टेनिस खेळत नव्हता. या साखळीत एकदा जरी त्याने शेवटच्या आठांत जागा मिळवली असती तर तो एक गुण त्याच्या नावावर चढला असता. पहिल्या दोन आठवड्यांत ते जमले नव्हते. चौथा आठवडा गवतावर होता आणि गवतावर आपली काय गत होते हे तो जाणून होता. जे काय व्हायचे ते इथे, पौडपासून सायकलच्या अंतरावर, वस्तादांच्या मातीवर व्हायचे होते.

पहिल्या दिवशी वस्तादांनी खेळाडूंना अडवले. मातीत वहाण चालणार नाही. सबनीसांनी नियम दाखवला, वस्तादांनी हनुमंताची तसबीर दाखवली. अखेर हैबतरावांनी मध्यस्थी केली: बूट चालतील, परंतु तळवे धुऊन, आणि उतरताना माती कपाळाला लावायची. सोळा देशांच्या नियमावल्या कोळून प्यालेले सबनीस यावर गप्प बसले, कारण जेवण हैबतरावांकडे होते.

आणि मग जे घडले ते पाहून शब्बीर चकित झाला. बंदुकीच्या गोळीसारखी सर्व्हिस करणारे तरणेबांड खेळाडू या मातीवर हतबल झाले. चेंडू पडे, तेल पिई, जड होई आणि गुडघ्यापर्यंत कसाबसा उठे. बळाचा येथे काही उपयोग नव्हता. उपयोग होता तो वाट पाहण्याचा. शब्बीरला आयुष्यात दुसरे काही फारसे आले नव्हते, पण वाट पाहणे उत्तम येत होते. मद्रासच्या मानांकित खेळाडूला त्याने पहिल्याच फेरीत दमवून घरी पाठवले. दिवसभराचा खेळ संपला की वस्ताद मातीवर पाणी शिंपडत, रूळ फिरवत आणि विचारत, “आज किती पडले?”

दुसऱ्या फेरीत त्याच्यासमोर लास्लो आला. हंगेरीचा, ताडमाड, सोनेरी दाढीचा. हा एकटाच असा होता की ज्याला मातीत काय आहे याचे कुतूहल होते. तो रोज ती कपाळाला लावी, एकदा तर त्याने जिभेला लावून पाहिली. “आमच्याकडे मातीत विटांची पूड असते,” तो मोडक्या इंग्रजीत शब्बीरला म्हणाला. “ही जेवायची आहे का?” जो जिंकेल तो शेवटच्या आठांत जाणार होता.

सामना दुपारी सुरू झाला. पहिला सेट लास्लोने घेतला, दुसरा शब्बीरने. पौड, माले, शेरे अशा गावांतून माणसे आली होती आणि कोर्टाभोवती जत्रेतल्या फडासारखी दाटीवाटीने बसली होती. गुणांच्या हिशेबाशी त्यांना कर्तव्य नव्हते. जोड कशी आहे ते त्यांना कळत होते.

“गोरा दमला बग. छाती बग कशी हालतीया.”

“आपला बी काय लोखंडाचा न्हाई. आताराचा हाय.”

“मधी ते जाळं कशाला लावलंय पर? काढा की ते, लवकर निकाल लागंल!”

तिसऱ्या सेटमध्ये शब्बीर पाच-चार असा पुढे गेला. लास्लोची सर्व्हिस होती आणि शब्बीरला फक्त एक गुण हवा होता. सामन्याचा शेवटचा गुण. त्याच्या अकरा वर्षांचा पहिला. नेमका तेव्हाच सूर्य डोंगराआड गेला. लास्लोने हात वर करून रेघ दिसत नसल्याची तक्रार केली. तक्रार खरी होती. पंचांच्या खुर्चीवर बसलेल्या सबनीसांनी आकाशाकडे पाहिले, पुस्तकात पाहिले, आणि उरलेला खेळ उद्या सकाळी होईल असे इंग्रजीत जाहीर केले. मराठीत सांगण्याची त्यांना आवश्यकता वाटली नाही. इतके लोक ज्या भाषेत श्वास घेत होते ती भाषा त्या उंच खुर्चीपर्यंत पोहोचत नसावी.

लोकांनी पाहिले ते एवढेच: दिवस मावळला, एक डाव याचा, एक त्याचा, पंच खुर्चीवरून उतरले आणि दोन्ही गडी नेटपाशी उभे राहिले. याचा अर्थ मावळात शेंबड्या पोरालाही कळतो. “सुटली! बरोबरीत सुटली!” असा गजर झाला. लोक पायताणे काढून मातीत उतरले. कोंडाजी वस्तादांनी एका हाताने शब्बीरचा आणि दुसऱ्या हाताने लास्लोचा हात धरून उंच केला. हैबतरावांनी दोघांना फेटे बांधले. हलगी कुठून आली कोणास ठाऊक, पण आली. लास्लोला वाटले की इकडे खेळ थांबवण्याची हीच रीत असावी; तो दाढीत हसत वस्तादांच्या तालावर नाचू लागला.

दोन्ही रीती जाणणारा त्या गर्दीत एकच मनुष्य होता. “थांबा, अजून उद्या हाय,” एवढे चार शब्द शब्बीरने उच्चारायचे होते. ते त्याच्या ओठांवर आलेही. परंतु वडील नबीलाल गर्दीत उभे होते. त्यांनी आयुष्यभर पौडच्या बाजारात अत्तर आणि सुरमा विकला, आणि मुलगा नेमके काय करतो हे गिऱ्हाइकांना सांगणे त्यांना आजवर जमले नव्हते. आज त्यांना कोणी विचारत नव्हते. शब्बीरचा हात उंच होता. तो त्याने उंचच ठेवला.

सकाळी तो सायकलवर आला तेव्हा धरणावरून धुके उठत होते आणि फावड्यांचा आवाज येत होता. तो आवाज ओळखायला त्याला क्षणही लागला नाही. सायकल टाकून तो धावला.

कोर्ट खणले गेले होते. या रेघेपासून त्या रेघेपर्यंत हात-हातभर माती उलथी करून ठेवली होती, नेट गुंडाळून बाजूला होते, आणि वस्ताद उघड्या अंगाने ताकाची घागर ओतत होते. पौडच्या तालमीचा दंडक शब्बीर साफ विसरला होता: कुस्ती बरोबरीत सुटली की माती उकरायची. जिने दोघांचा निकाल लावला नाही ती माती तशीच ठेवली तर पुढची जोडही सुटत नाही.

“वस्ताद, काय केलंत हे!”

“काय केलं म्हंजी? उकरली. तुज्या पायीच उकरली. आज म्होरची जोड हाय न्हवं?”

“माजी कालची संपली न्हाई, वस्ताद. एक गुण राहिलाय.”

वस्तादांनी घागर खाली ठेवली. “हात वर केला हुतास तू,” ते म्हणाले. “म्या धरला हुता. हितं.” आणि त्यांनी स्वतःचा पंजा उघडून पाहिला, जणू तेथे काही वळ राहिला असेल.

सबनीस आले, पाहिले, आणि त्यांनी वस्तादांना अडाणी म्हटले. पुस्तिका कोणी कोणाला समजावून दिली होती हा प्रश्न त्यांना पडला नाही; ज्यांच्याजवळ पुस्तके असतात त्यांना प्रश्न क्वचितच पडतात. मग त्यांनी निर्णय दिला: उरलेला खेळ बंगल्यामागच्या सरावाच्या कोर्टावर होईल. ते शेणाने सारवलेले होते, काचेसारखे टणक. तेथे लास्लोची सर्व्हिस दिसणारसुद्धा नाही, हे शब्बीरला, लास्लोला आणि सबनीसांनाही ठाऊक होते.

“न्हाई खेळलास तर?” वस्तादांनी विचारले. राग नव्हता, त्यांना खरोखरच जाणून घ्यायचे होते.

“तर तो जिंकला. माजं नाव कुटंच न्हाई.”

“आन् खेळलास तर काल आमी काय केलं? तमाशा?”

शब्बीर रॅकेट घेऊन बंगल्यामागे गेला. त्याने तळवे धुतले, सवयीने वाकला, पण त्या कोर्टावर कपाळाला लावण्यासारखे काही नव्हते. बघायला एकही माणूस आला नाही. सुटलेली कुस्ती पुन्हा लढणाऱ्यांकडे पाहायचे नसते.

लास्लोने चेंडू चारदा आपटला. पहिली सर्व्हिस अशी आली की शब्बीरला फक्त तिचा आवाज ऐकू आला. पण चेंडू रेघेबाहेर वीतभर गेला होता. दुसरी सर्व्हिस त्याने हळू, फार हळू केली. चेंडू नेटच्या पट्टीवर आदळला, तेथे थोडा रेंगाळला आणि लास्लोच्याच बाजूला पडला.

दोन्ही सर्व्हिस वाया, म्हणजे गुण शब्बीरचा; सामना संपला. शब्बीरने चेंडूला रॅकेट लावलीच नव्हती.

नेटपाशी हात मिळवताना त्याने विचारले, “मुद्दाम केलंस?”

लास्लो हसला. “गाईच्या शेणावर सर्व्हिस करायची माझी ही पहिलीच वेळ,” तो म्हणाला आणि पिशवी उचलून चालू लागला. त्या सोनेरी दाढीआड काय होते हे शब्बीरने तेव्हाही शोधले आणि पुढे कित्येक वर्षे शोधले. हाती काही लागले नाही. तो नुसता हरला होता, की त्याने हरून दिले होते?

तो पुढच्या बाजूला आला. वस्ताद एकटेच उलथ्या मातीत बसून ढेकळे फोडत होते. दुपारपर्यंत ती पुन्हा सपाट करायची होती. त्याच मातीवर शब्बीरला शेवटच्या आठांतला सामना खेळायचा होता.

“लागलं नाव?” वस्तादांनी मान वर न करता विचारले.

“लागलं.”

“कसा पाडलास त्याला?”

खोटे बोलणे सोपे होते. पाहायला कोणी नव्हते. “म्या न्हाई पाडला. त्यो आपनच पडला,” शब्बीर म्हणाला.

वस्तादांचे हात थांबले. गोष्ट त्यांना नवी होती आणि तिच्यात त्यांना रस वाटला. “आपनच? हात न लावता?” त्यांनी विचार केला. “मग ती कुस्ती धरत न्हाईत. गडी आपनच घसरला तर पंच फिरून जोड लावत्यात. तुला म्हाईत हाय.”

“आमच्यात न्हाई लावत, वस्ताद.”

‘आमच्यात’ हा शब्द तोंडातून गेल्यावर शब्बीरला तो ऐकू आला. वस्तादांनी मान वर केली आणि त्याच्याकडे पाहिले: कपाळाकडे, बुटांकडे, पुन्हा तोंडाकडे. मग त्यांनी हातची माती झटकली, खांद्यावरच्या पंच्याने बाजूचा दगड पुसला आणि दारी आलेल्या परगावच्या माणसाला करावा तसा हात त्या दगडाकडे केला.

“बसा,” ते म्हणाले. “च्या घेनार का तुमी?”