गप्प बसलेला दादा

दादाच्या स्वेटरला ओल्या लोकरीचा वास यायचा. उत्तर ध्रुवाकडच्या बॅफिन बेटावर, उन्हाळ्यातल्या त्या न मावळणाऱ्या फिकट प्रकाशात, तो हाच स्वेटर घालून बसे. नायलॉनचं जाकीट श्वासागणिक सळसळतं, आणि दादा तर तिथे शांतता ध्वनिमुद्रित करायला जायचा. ओटावात वर्षभर सॉफ्टवेअर लिहिणारा माझा थोरला भाऊ आपली सगळी रजा त्या निर्मनुष्य मौनावर उधळत असे. तिथे झाडच नाही, तर पान कुठून हलणार! आधी तो मोठ्याने जागा आणि वेळ सांगे, मग मांडी घालून तासभर स्तब्ध राही. पुण्यात आईच्या पूजेला पाच मिनिटं न टिकणारा हा प्राणी. मी थट्टा केली की म्हणे, अशी शांतता पृथ्वीवर फार थोड्या ठिकाणी उरली आहे, कुणीतरी जपायला हवी. जिथे काहीच नाही तिथे जपायचं काय, हे मला कधी कळलं नाही.

दादा गेल्यावर मी ओटावाच्या घरी राहायला आलो, तेव्हा वहिनींनी त्याचा आवाज सीडीवर करून मागितला. मी दोन दिवस खपलो. प्रत्येक ध्वनिमुद्रणातलं त्याचं बोलणं ठेवलं, पुढचा रिकामा भाग कापला आणि नीटनेटकेपणाच्या तोऱ्यात मूळ फायलींवरच सेव्ह केलं.

वहिनींनी सीडी शेवटपर्यंत ऐकली. मग म्हणाल्या, "भावजी, हे बोलतात तेवढंच ठेवलंत. हे गप्प बसलेले कुठे आहेत?"

दाणे टाकून मी फोलपटं राखली होती.

नशिबाने दादाच्या रेकॉर्डरमध्ये शेवटचं ध्वनिमुद्रण तसंच राहिलं होतं. भर दुपारी आम्ही फ्रिज बंद केला, घर गरम ठेवणारा बेसमेंटमधला घरघरता फर्नेसही बंद केला आणि ऐकायला बसलो. दादाने जागा सांगितली, वेळ सांगितली. मग बराच वेळ काही नाही. मग कुठेतरी वितळत्या बर्फाचा थेंब, एका पाखराची दूरची हाक, आणि पुन्हा ते अफाट, काठोकाठ भरलेलं मौन. वहिनी डोळे मिटून, स्वतःचा श्वासही जपत, तासभर हलल्या नाहीत. मीही हललो नाही. खोलीत हळूहळू थंडी भरत गेली.

घरातली शांतता दादा नसल्याची आहे. त्या एका तासातली मात्र, काळाने काहीही केलं तरी, तो असल्याचीच राहील.