एक जूनच्या मुली

संघटनेच्या शिक्क्याची मूठ लाकडी आहे. माझ्या हाताने घासून ती गुळगुळीत झाली आहे.

कापूस वेचणाऱ्या बाईच्या बोटांना बोंडाची टोकं लागतात. तिथली कातडी वर्षभर खरखरीत राहते.

पत्रात ‘बोगस’ हा शब्द दोनदा होता.

उन्हाळ्यात कोर्टाला सुट्टी असते.

खो-खोत ज्योत्स्ना साखळी पळायला लागली की समोरच्या मुली बसल्या जागी नुसत्या माना वळवत राहायच्या.

*

मी अभिमन. शिरपूरच्या वरच्या अंगाला, सातपुड्याच्या पायथ्याशी, एका आश्रमशाळेत एकतीस वर्षं मास्तर होतो. धुळे-जळगावच्या आमच्या खो-खो संघटनेचा चिटणीस अजूनही आहे. तीन वर्षांपूर्वी राष्ट्रीय महासंघानं आमची मान्यता काढली आणि दुसऱ्याच मंडळींची समिती नेमली. तसं पत्र आलं. त्यात आम्ही बोगस. मी जळगावला दावा लावला.

दावा चालू म्हणजे आमच्या मुली कुठल्याच राष्ट्रीय स्पर्धेत नाहीत. ज्योत्स्ना पंधराची होती, सोळाची झाली, सतराची झाली. कुमारी गट अठराच्या आतला. तिला एकदा राष्ट्रीय खेळायचं होतं. ते प्रमाणपत्र असलं की पोलीस भरतीत खेळाडूंच्या जागेवर अर्ज करता येतो. महिला गट पुढे आहेच, पण तिथे नोकरीला लागलेल्या, रोज दोन वेळा सराव करणाऱ्या पंचविशीतल्या मुली असतात.

*

आठ मे. सुट्टीआधीचा शेवटचा दिवस. कोर्टाबाहेरच्या टपरीवर पोह्यांच्या दोन प्लेटा. कुंदन वकील माझाच विद्यार्थी. त्यानं महासंघाकडून आलेला तडजोडीचा मसुदा पुढे सरकवला.

“आबा, सगळं मिळतंय. मान्यता परत, पंधरा दिवसांत निवड चाचणी. सही करा आणि पोहे खा.”

“आणि बोगस?”

“बोगसचं काय?”

“ते मागे घेतल्याचं कुठंय यात?”

“मान्यता दिली म्हणजे गेलंच ना ते.”

“लेखी नाही गेलं. महासंघाच्या अध्यक्षानं इथं येऊन सांगायला पाहिजे.”

“तुम्हाला चाचणी पाहिजे का माणूस पाहिजे?”

“दोन्ही.”

“मग तारीख थेट जूनमध्ये जाईल.”

“जाऊ दे. तीन वर्षं गेली, त्यात एक महिना काय.”

कुंदननं माझीही प्लेट ओढून घेतली. “शाळेतपण असेच होते तुम्ही,” तो म्हणाला. “शुद्धलेखनाची एक चूक, तर अख्खं पान परत.”

मला ते कौतुक वाटलं.

*

नऊ जून. अध्यक्ष आले. “गैरसमजातून तसा शब्द गेला,” एवढंच म्हणाले. तडजोडीवर सही केली, चहा घेतला, जळगावच्या केळ्यांची चौकशी केली, गेले. मी कोर्टाच्या पायरीवर उभा राहून फोटो काढून घेतला. तो अजून संघटनेच्या ग्रुपवर आहे.

*

चौदा जून, फैजपूरचं मैदान, निवड चाचणी. टेबलावरच्या बाई दाखले तपासत होत्या. वय चाचणीच्या दिवशी मोजायचं, असा नियम.

“जन्म एक जून,” बाई म्हणाल्या. “अठरा पूर्ण. तेरा दिवस वर झाले.”

ज्योत्स्नाचे बूट बांधून झाले होते.

“आबा, त्यांना सांगा ना,” ती म्हणाली. “माझा खरा वाढदिवस तो नाही. आई म्हणते, मी कापसात झाले, दिवाळीनंतर.”

आमच्याकडे अर्धं गाव एक जूनला जन्मलेलं असतं. शाळा जूनमध्ये उघडते. मूल कागदावर सहा वर्षांचं दिसायला हवं. मास्तर एक जून लिहून मोकळा होतो. घरी झालेल्या मुलांची दुसरी नोंद कुठेच नसते.

मी बाजूला जाऊन कुंदनला फोन लावला.

“रजिस्टर कुणाच्या अक्षरात आहे?” त्यानं विचारलं.

“माझ्या.”

“मग द्या प्रतिज्ञापत्र, की तारीख तुम्हीच खोटी लिहिली. मी आत्ता टाईप करतो. पण उद्या महासंघ तुमच्या शाळेतल्या बाकीच्या मुलींचेपण दाखले मागेल. किती आहेत?”

“सहा.”

“त्यांची तारीख?”

यादी माझ्या हातात होती. वर्षं वेगवेगळी. तारीख सहाजणींची एकच.

“आबा? ऐकताय ना?”

मी फोन ठेवला. ज्योत्स्नाला म्हणालो, नियम आहे, आपल्याला काही करता येत नाही. माझा आवाज वर्गात असायचा तसाच निघाला.

तिनं बूट सोडले. गुडघ्याचे पट्टे काढून आमच्या सहाजणींतल्या लहान मयुरीच्या हातात दिले. मग माझ्याकडे बघून म्हणाली, “पण तुम्ही जिंकले ना आबा, कोर्टात?”

टोमणा नव्हता तो. टोमणा असता तर मला सोपं गेलं असतं.

*

सहापैकी दोघी निवडल्या गेल्या. मयुरी त्यांतली एक.

ज्योत्स्ना फैजपूरकडेच केळीच्या पॅकिंगला जाते. एकदा दिसली. फण्या धुऊन खोक्यात भरत होती. उठून नमस्कार केला, ओले हात तसेच ठेवून.

“सराव चालू आहे का?” मी विचारलं.

“वेळ कुठंय आबा,” ती म्हणाली आणि पुढची फणी घेतली.

मी घरी येऊन शिक्का कपाटात ठेवला. दुसऱ्या दिवशी काढावा लागला. मयुरीच्या अर्जावर मारायचा होता.

*

पहिलीत नाव घालायला ज्योत्स्नाची आई, दिवालीबाई, तिला कडेवर घेऊन आली होती. “गुरुजी, पोर कापूस येचाना दिनमा व्हयनी,” ती म्हणाली. “सहा पुरा नहीत अजून.”

त्या वर्षी पहिलीच्या पटाला एक मूल कमी पडत होतं.