खेकडप्पाची कोकण सहल

क्लासमधून फोन आला, तुमची शिवानी महिनाभर वर्गात नाही. समोरचं गिऱ्हाईक तसंच सोडून मी उदगीरहून लातूर गाठलं. डॉक्टर व्हायला पाठवलेली पोरगी खोलीत मैत्रिणीच्या लॅपटॉपवर कार्टून बनवत बसली होती.

"बॅग भर," मी म्हणालो.

"आप्पा, एकदा बघा तरी. मग न्यायचं तर न्या."

मी दारातच उभा राहिलो. बसलो असतो तर राग उतरला असता, आणि तो मला उतरू द्यायचा नव्हता.

पडद्यावर एक खेकडा आला. झुपकेदार मिशा, कपाळाला विभूती, नाव खेकडप्पा. कोकणातलं खेडं पाहुण्यांना फिरून दाखवायचं त्याचं काम. "या मंडळी, माझ्या मागं या," म्हणत तो तिरका निघाला आणि मंडळी नाकासमोर चालत थेट विहिरीत. मैत्रीण कहकशां फिसकन हसली. मी डोळे वटारले. शिवानी पडद्याकडे बघतच नव्हती, माझ्या तोंडाकडे बघत होती. ओढणीचं टोक पिळून पिळून तिनं त्याची दोरी केली होती.

समुद्र नांगरलेल्या रानासारखा काढलेला, सरीला सरी लागून. जन्मात पाहिला असेल तर ना. आलेलं हसू मी मिशीत दाबलं.

मग खेकडप्पानं पाहुण्यांना एका घरी जेवायला नेलं. सगळे पाटावर बसणार, तोच त्यानं नांगी वर केली. "थांबा. आधी बाहेर पडायचं दार कुठं हाय ते बघून ठेवा. मग खुशाल जेवा." पुढच्या घरी तेच, देवळात तेच. होडीत चढल्यावरसुद्धा गडी दार शोधत होता.

माझं हसू गेलं. ते बोलणं माझं होतं. भूकंपाच्या पहाटे आमच्या घराचं दार दगडांखाली गेलं आणि आई आतच राहिली. तेव्हापासून कुठंही गेलो की मी आधी दार बघतो. या खोलीत शिवानीला ठेवतानाही हेच दार तिला दाखवलं होतं.

आणि आता त्याच दारात मी आडवा उभा होतो. मला माझीच लाज वाटली. मी बाजूला झालो, खाटेवर बसलो.

"बॅग भर," मी पुन्हा म्हणालो.

तिचे डोळे भरले. "उदगीरला?"

"न्हाई. कोकणात."

"अन् क्लास?"

"त्यांना मी सांगतो. तू आधी समुद्र बघ. असल्या सऱ्या पाडल्यास तर तिथले लोक पेरणी करून मोकळे होतील."