फ्लेक्सखालची करडं

“काका, तुमचा वाढदिवस तर झाला. आता तुमचा फोटो आमच्या करडांवर पांघरू का?”

मैत्रिणींनी पैज लावली होती, म्हणून तेजश्रीनं भर चौकात वाढदिवसाच्या फ्लेक्सकडे बोट दाखवत गावचे पुढारी गहिनीनाथ यांना हे विचारलंच. ते पोट धरून हसले. “ने की पोरी! माजी ऊब कुनाला तरी लागू दे.”

मित्रांनो, मी एक जुनं डालगं, म्हणजे उपडी घालायची मोठी टोपली आहे. लिंबागणेशच्या माळावर तेजश्रीचे आजोबा तात्याबा यांनी मला निरगुडीच्या फोकांनी विणलं. वीण मुद्दाम विरळ ठेवली. शेळी चरायला गेली की तिची करडं माझ्याखाली झाकायची. “लई गुणाचं डालगं हाय,” असं ते आल्यागेल्याला सांगायचे. थंडीत माझ्यावर गोणपाट टाकायचे, पण वारं नसलेली बाजू उघडीच ठेवायचे. ते वारले आणि मला गोवऱ्यांच्या ढिगाशेजारी टाकून दिलं.

यंदा घागरीतलं पाणी हाताला चावावं अशी थंडी पडली. त्यातच शेळीला जुळं झालं. तेजश्रीनं त्यांची नावं टिकली आणि बुंदी ठेवली. मला झटकून त्यांच्यावर उपडं घातलं, वर गहिनीनाथांचा तो फ्लेक्स पांघरला आणि चारी बाजूंनी दगड ठेवले.

“बघ आई, मुंगी जायला जागा न्हाई!”

“हुशार हाय माजी बाय,” रतनबाई म्हणाली.

तेजश्रीनं शाळेत एवढं मिरवलं की स्वप्ना आणि ऋतुजानंही आपापल्या करडांसाठी फ्लेक्स मिळवले.

इकडे माझ्या पोटात करडांच्या श्वासाची वाफ फ्लेक्सला धरायची आणि थेंब थेंब खाली गळायची. मुतानं भुई ओली, वास उग्र. टिकली खोकू लागली. मला तोंड असतं तर मी हाक मारली असती.

एका सकाळी तेजश्रीनं मला उचललं. बुंदी थरथरत उठली. टिकली उठली नाही.

“आई, ही तर भिजलीय गं! पाऊस तर न्हाई पडला!”

तिच्या दादांनी, म्हणजे वडील राधाकिशननी, फ्लेक्सच्या आतून हात फिरवला. तळवा ओला झाला. “दम कोंडला, पोरी. आन वलीनं गारठली.”

तेजश्री टिकलीला छातीशी धरून किती वेळ रडली. मग तिनं बुंदीला ओढणीनं खसाखसा पुसलं, कोरडी राख पसरून तिच्यावर बसवलं. मित्रांनो, लहान जिवांना पांघरूण जरूर द्या. पण कोरडी जागा आणि श्वासापुरती वाट आधी द्या. एवढंच माझं मागणं आहे.

रतनबाई हळूच म्हणाली, “कुनी इचारलं तर कुत्र्यानं नेलं म्हन. लोकं हसत्याल.”

राधाकिशननीही होकाराची मान डोलावली.

तेजश्रीनं डोळे पुसले. पायांत चपला सरकवल्या.

“न्हाई आई. दादा, तुमीबी ऐका. स्वप्नाची न् ऋतुजाची करडं आजून फ्लेक्सखालीच हायत. मी आत्ताच जाते. टिकली माज्या हातानं मेली, असंच सांगनार. हसू द्या त्यांना.”