चौथ्यांदा मठात

मतदानाचा हक्क हवा की नको, यावर मनिलाच्या बायकांनी कौल देऊन तीन दिवस झाले होते, आणि नटी नेनिताला पडद्यावर चौथ्यांदा मठात जायचं होतं. चौथा सिनेमा, फसवली गेलेली चौथी मुलगी, आणि स्टुडिओच्या पेटाऱ्यातला ख्रिस्ती जोगिणीचा तोच झगा.

या वेळी शेवट तिने स्वतः लिहून आणला होता. मुलगी सिगारच्या कारखान्यात कामाला लागते आणि मूल वाढवते, बस. दिग्दर्शक सेवेरोने वाद घातला नाही. दोन्ही शेवट घेऊ, आधी तुझा, म्हणाला. नेनिता बाकावर बसून तंबाखूची पानं वळू लागली. हात आईसारखेच चालत होते. तिला एकटीने वाढवताना आईने, सगळे मानाने 'आलिंग' म्हणत त्या ब्रिहिदाने, बारा वर्षं हेच काम केलं होतं.

मध्येच नेनिता थांबली. कॅमेऱ्याची घरघर पोकळ येत होती.

"फिल्म घातलीय ना?"

कॅमेरामनने सेवेरोकडे पाहिलं.

"फिल्म काय झाडाला लागते?" सेवेरो वैतागून म्हणाला. "गावोगावचे थिएटरवाले जोगीण मागतात, नाहीतर थडगं. आणि लग्नावाचून मूल वाढवणाऱ्या असल्या बायका असतात तरी कुठे?"

मुलीच्या राखणीला रोज सेटवर येणारी ब्रिहिदा झगा घेऊन उभी होती. तीन दिवसांपूर्वी मतपत्रिकेवर 'हो' लिहिताना तिने पेन्सिलीचं टोक मोडलं होतं. आता ती खाली बघत होती.

"सांग ना त्यांना, आई."

"काय सांगू?" ब्रिहिदा हळूच म्हणाली. "तुझा बाप कॉलऱ्याने गेला, हेच गल्लीला ठाऊक आहे. ऊठ, ऊन चाललंय."

नेनिता उठली नाही. कुणीतरी समजावलं, कुणीतरी कराराची आठवण करून दिली. ती पुढचं पान वळत राहिली.

सेवेरोने घड्याळ पाहिलं.

"बसू दे तिला. जोगीण पाठमोरीच तर दिसते." मग तो अदबीने ब्रिहिदाकडे वळला. "आलिंग, तुमचा बांधा तसाच आहे. दारापर्यंत चालत जायचं, एवढंच."

ब्रिहिदाने लेकीकडे न बघता झगा अंगात घातला. कॅमेरामनने फिल्म भरलेला डबा चढवला.

ती इतकी सरळ चालत गेली की दुसरा टेक घ्यावा लागला नाही.