मागून विचारलेलं

बाईंनी हेडफोन कानांवर चढवला आणि सवयीने पडद्याकडे पाठ करून उभ्या राहिल्या.

“बाई, इकडे बघावं लागेल,” काचेपलीकडून रेकॉर्डिस्ट म्हणाला. “नाहीतर ओठ जुळायचे कसे?”

बाईंनी आपला एकही चित्रपट आजवर पाहिला नव्हता. केलेलं काम पुन्हा बघणं त्यांना उष्टं खाल्ल्यासारखं वाटे. तसा बघणाऱ्यांचाही तुटवडाच होता. गोदामांत, गच्च्यांवर, बंद पडलेल्या कारखान्यात त्यांनी नाटकं केली. एकात तर त्या सबंध वेळ प्रेक्षकांकडे पाठ करून बसल्या होत्या. मावशी त्या प्रयोगाहून आली ती कपाळाला हात लावूनच. पाठच बघायची तर तिकीट कशाला, म्हणाली, घरी तू रोजच रुसतेस. पुढे त्याच पाठीचं कौतुक पुस्तकांत छापून आलं, पण तोवर मावशी राहिली नव्हती आणि रुसायलाही घरात कुणी उरलं नव्हतं.

आता त्यांच्या पहिल्या चित्रपटाची डागडुजी चालली होती. चित्र वाचलं होतं, आवाज पार गेला होता. संहिता मुळात नव्हतीच. दिग्दर्शक म्हणायचा, सुचेल ते बोला. त्यामुळे डागडुजी करणाऱ्या मुलीला बाईंची आठवण हाच एक आधार होता. दुपारपर्यंत बरीच दृश्यं मार्गी लागली, मग खिडकीचं आलं.

पडद्यावर तरुण बाई खिडकीबाहेर बघत होत्या. कॅमेऱ्याकडे पाठ, सोबतच्या नटाकडेही पाठ. तो मागे एका बाजूला उभा होता, आणि त्याचे ओठ हलले.

“तुमच्या या गप्प राहण्यावर लोकांनी पानंच्या पानं लिहिलीत,” मुलगी म्हणाली. “पण ते विचारतात काय?”

“माझ्याबरोबर राहशील का, असं.”

वाक्य बाईंना पक्कं आठवत होतं. ऐन वेळी बरं सुचलं याला, असंच तेव्हा वाटलं होतं. पुढच्याच आठवड्यात तो नाटकमंडळी सोडून दूरच्या गावी नोकरीला गेला. न सांगतासवरता गेला, हे बाई नंतर प्रत्येक मुलाखतीत सांगत आल्या. दोघांनीही पुन्हा एकमेकांचं तोंड पाहिलं नाही. गेल्या वर्षी तो वारल्याचं त्यांनी पेपरात वाचलं.

त्याचा त्या वेळचा चेहरा त्या आज पहिल्यांदा बघत होत्या. तो कॉलरचं टोक बोटांत धरून चोळत होता. रंगमंचावर त्याचे हात कधी असे वळवळत नसत. हे चाळे फक्त दातांच्या डॉक्टरच्या दारात चालायचे, आणि त्यावरून बाई त्याला हसायच्या.

“पुन्हा लावा,” बाई म्हणाल्या.

पुन्हा लागलं. बाई त्याच्या बोटांकडेच बघत राहिल्या. त्याने खरंच विचारलं होतं. इतकी वर्षं मनात धरलेला राग एकदम निराधार झाला, आणि तो राग निदान सोबतीला तरी होता, हे त्यांना आत्ता कळलं.

“माइक चालू ठेवाल?”

“इथे तुमचं वाक्य नाहीये, बाई,” मुलगी जपून म्हणाली. “ती शांतताच तर—”

“चित्रपटात नका घालू. मला फक्त ऐकायचंय.”

रेकॉर्डिस्टने मान डोलावली. पडद्यावर त्याचे ओठ थांबले तसं बाईंनी घसा खाकरला आणि म्हणाल्या, “राहीन.”

रेकॉर्डिस्टने ते चित्रावर बसवून लावलं. पडद्यावर त्याने विचारलं. खिडकीपाशी उभ्या तरुणीच्या पाठीतून एका म्हातारीचा आवाज ‘राहीन’ म्हणाला. या वेळी न कापलेलं मूळ रीळ थांबवायचं राहून गेलं. दृश्य संपलं, कुणीतरी दृश्याच्या नंबराची पाटी कॅमेऱ्यासमोर धरून काढून घेतली, ती तरुणी खिडकीपासून वळली आणि दिग्दर्शकाकडे बघून हसली, जमलं ना अशा अर्थाने. मागे तो अजून तिच्याकडेच बघत उभा होता. मग त्याने कॉलर सोडली, खुर्चीवरचा कोट उचलला आणि चौकटीबाहेर निघून गेला.