माझा ठोका, काकूंवर आळ

मित्रांनो, मुठीत मावेल एवढा एक जुना रबरी बुश आहे मी. नाव ऐकून ओळख पटली नाही, तरी वाईट वाटून घेऊ नका; मला सवय आहे. गाडी म्हटलं की लोकांना चाकं आठवतात, दिवे आठवतात, फार तर हॉर्न आठवतो. गिअरबॉक्सच्या खाली, आडव्या लोखंडी पट्टीत बसवलेला काळा बुश कुणाला आठवणार? बाहेरून लोखंडी कडं, मधोमध लोखंडी नळी आणि त्या दोघांमध्ये घट्ट चिकटलेलं रबर. नळीतून एक बोल्ट आरपार जातो. एवढाच माझा संसार.

काम सांगायला सोपं आहे. गिअरबॉक्स जोर लावतो, पट्टी त्याला अडवते. दोन लोखंडं एकमेकांवर आपटू नयेत म्हणून मी मध्ये बसायचं आणि दोघांचे धक्के पोटात घालायचे. घरात भांडण पेटू नये म्हणून मध्ये पडणारं एक माणूस असतं, तसा. अशा माणसाची आठवण घराला कधी येते, ते तुम्हाला ठाऊकच आहे.

मी साच्यातून बाहेर पडलो तेव्हा माझ्या अंगाला गंधकाचा वास येत होता. तपासणीच्या टेबलावरच्या एका बाईने मला अंगठ्याने दाबून पाहिलं आणि शेजारणीला म्हणाली, "हा बघ कसा खमका आहे." माझं कौतुक झालं ते तेवढंच. पण ते मला पुढची पंचवीस वर्षं पुरलं.

मला डोळे नाहीत. मी माणसं ओळखतो ती पावलांवरून. क्लचवर पाय कसा पडतो, कसा सुटतो, एवढ्यावरून मला माणसाचा स्वभाव कळतो. गाडी ज्या घरी गेली, त्या घरच्या काकांचा पाय जड होता. ते शिलाई मशीन दुरुस्त करायचे. दर वेळी मागे दोन-तीन मशीनं लादलेली असत. क्लच सोडताना त्यांचा पाय थेट वर येई, दार ढकलल्यासारखा. पण तेव्हा मी तरुण होतो. तो धक्का असा गिळायचो की वर बसलेल्या माणसाच्या हातातल्या पेल्यातलं पाणीही हलायचं नाही.

काकांना सगळे 'थेंबवाले' म्हणत. त्यांच्या खिशात लांब चोचीची तेलाची कुपी कायम असायची. त्यांचा धंदा तेलाचा आणि धर्मही तेलाचाच. कुठेही काही करकरलं की एक थेंब. दाराची बिजागरी, पंखा, कुलूप, लहान मुलाच्या तीनचाकी सायकलचं चाक. एकदा जावयाच्या नव्या चपला कुरकुरत होत्या, तर त्यांच्या शिवणीतही त्यांनी थेंब सोडला होता. जावई बिचारा घसरत घसरत घरी गेला. काकू ही गोष्ट सांगून सांगून हसायच्या.

काकूंचा पाय मात्र निराळा होता. काका मशीन दुरुस्त करायचे आणि काकू पायडलवर ते चालवून बघायच्या. चाळीस वर्षं त्यांनी हे केलं. सुई कुठे अडखळते, पट्टा कुठे सैल पडतो, ते त्यांच्या तळपायाला आधी कळायचं. काकांचा उजवा गुडघा कायमचा दुखावला, तेव्हा वयाच्या सत्तावन्नाव्या वर्षी काकू गाडी शिकल्या. पहिल्या दिवशी त्यांनी क्लच सोडला तो मी विसरलो नाही. झोपलेल्या बाळाच्या डोक्याखालून हात काढावा, इतका हळुवार.

काकूंचं स्वतःचं असं गाडीचं काम एकच होतं, गुरुवारचं. नदीपलीकडच्या गावात त्यांची थोरली बहीण एकटी राहायची. ताईंना अंथरुणावरून उठता येत नव्हतं. शेजारची बाई सकाळ-संध्याकाळ येऊन सगळं करायची. पण ताईंचे केस विंचरायला गुरुवारी काकूच लागायच्या. जाताना काकू गाडीत एकट्याच असायच्या आणि ताईंना काय काय सांगायचं याची मोठ्याने उजळणी करायच्या. ती मी सगळी ऐकलेली आहे.

आता माझ्या दुखण्याचं सांगतो.

काकांचा गुडघा बिघडायच्या तीन-चार वर्षं आधी माझं रबर थोडं सुकलं होतं. वयच होतं ते. गाडी वळताना माझ्यातून 'कुई' असा आवाज यायला लागला. दुखणं नव्हतं, नुसती वयाची कुरकुर. पण काकांच्या कानावर कुरकुर पडली की त्यांचा हात खिशात जायचा. रविवारी सकाळी ते चटईवर पडून गाडीखाली सरकले, चोच माझ्या अंगाला लावली आणि थेंब सोडला.

'कुई' थांबली.

"बघ," ते काकूंना म्हणाले, "एका थेंबात गप्प!"

मित्रांनो, लोखंडाला तेल म्हणजे औषध. रबराला तेच तेल म्हणजे वाळवी. हे मला माहीत होतं. माझ्या अंगालाच कळत होतं. पण सांगू कसा? मला येणारा एकच शब्द होता, 'कुई', आणि तो त्यांनी गप्प करून टाकला होता. त्यानंतर दर रविवारी थेंब. आवाज नसला तरी थेंब, मायेपोटी. तेल माझ्यात मुरत गेलं. मी फुगलो, मऊ पडलो आणि एका बाजूने कड्यापासून सुटायला लागलो. गुडघा गेल्यावर काकांना खाली सरकता येईना, तेव्हा ते थेंब थांबले. तोवर व्हायचं ते होऊन गेलं होतं.

स्टिअरिंग काकूंच्या हाती आल्यावर पाचव्या महिन्यात मी पुरता सुटलो. फाटकापाशी काकूंनी पहिला गिअर टाकला, नेहमीसारखा हळुवार क्लच सोडला, गिअरबॉक्स उसळला आणि त्याला धरून ठेवायला माझ्यात जोर उरला नव्हता. लोखंडावर लोखंड आपटलं.

ठक्!

"अगं, हळू!" शेजारी बसलेले काका ओरडले.

"हळूच सोडला मी."

"हळू सोडला तर ठोका कुठून आला? बावीस वर्षं गाडी माझ्या हातात होती. कधी हूं की चूं केलं नाही तिने."

मी तिथेच, त्यांच्या पायांखाली हातभर अंतरावर होतो. ठोका माझा होता आणि बोल काकूंना बसत होते. दुसरा गिअर टाकताना मी जीव एकवटून धरायला गेलो. पुन्हा ठक्. सुटलेल्या रबराचा जीव तो केवढा!

मग हे रोजचंच झालं. काकूंच्या मुलाने गाडी नेऊन पाहिली. त्याचा पाय तर ठोकळ्यासारखा. मी दर चौकात ठोके दिले. घरी येऊन तो म्हणाला, "आईच्या हाताची सवय लागलीय गाडीला. आई, क्लच म्हणजे तुझं ते पायडल नव्हे."

"तुझ्या बापाची मशीनं चाळीस वर्षं मीच चालवून बघते. मला पायडल शिकवू नकोस," काकू म्हणाल्या. पण तो आवाज पूर्वीचा नव्हता.

कोपऱ्यावरच्या गॅरेजवाल्याने गाडीखाली नुसतं वाकून पाहिलं आणि मागच्या चाकांकडे जाणाऱ्या लांब दांड्याचा सांधा बदलून टाकला. तो सांधा चांगला धडधाकट होता. माझ्यापासून दोन हातांवर काम करणारा, जुना सोबती. काही चूक नसताना तो भंगारात गेला. ठोका राहिलाच. तेव्हा गॅरेजवाला काकांना म्हणाला, "आता गाडीत काही नाही. चालवणाऱ्याचं बघा." काकू तिथेच उभ्या होत्या.

त्यांचा पाय बदलला, तो तेव्हापासून. क्लच सोडण्याआधी तो थरथरू लागला. ठोका यायच्या आधीच तो ठोक्याची वाट बघायचा. ताईंना सांगायच्या गोष्टींची उजळणी बंद झाली. नुसतं "नीट, नीट, नीट" ऐकू यायचं. आणि एका गुरुवारी पुलाच्या चढावर पुढची गाडी थांबली, काकू थांबल्या, निघताना मी असा जोराचा ठोका दिला की त्यांनी दचकून इंजिन बंद पाडलं. मागे रांग लागली. कुणीतरी खिडकीतून ओरडलं, "आजी, घरी बसा की!"

त्या घरी परतल्या आणि किल्ली खिळ्याला लावली. ती आठ महिने तिथेच राहिली.

त्या आठ महिन्यांत मी घराच्या भिंतीलगत उभ्या गाडीखाली होतो. काकू दोनदा बसने ताईंकडे गेल्या. बसच्या पायऱ्या उंच, उतरल्यावर चालायचं लांब. तिसऱ्यांदा जमलं नाही. शेवटी ताईंचा मुलगा आला आणि आपल्या आईला त्याच्या शहरात घेऊन गेला. इथून आठ तासांची वाट. काकू हे फोनवर कुणाला तरी सांगत होत्या. "बरंच झालं," त्या म्हणाल्या, "तिचे केस विंचरायला तिथे कोणीतरी असेल." फोन ठेवल्यावर त्या बराच वेळ गाडीला टेकून उभ्या होत्या. त्यांचा भार पत्र्यातून माझ्यापर्यंत येत होता. माझ्याने काहीच होण्यासारखं नव्हतं.

मग गाडी विकायचं ठरलं. घेणारा म्हणाला, बाजारपेठेमागच्या म्हाताऱ्या मिस्त्रींना दाखवून आणा. मुलगा कामावर, काकांचा गुडघा तसा. तेव्हा शेवटचं म्हणून काकूंनीच गाडी काढली. वाटभर मी ठोके देत होतो.

मिस्त्रींनी गाडी दुरुस्तीच्या खड्ड्यावर घेतली आणि ते खाली उतरले. म्हणाले, "ब्रेक घट्ट दाबून धरा. पहिला गिअर टाका, क्लच अगदी थोडा सोडा, परत दाबा. मग मागचा गिअर, तसंच. मी खालून बघतो."

"थांबा, मी बसतो," काका म्हणाले. "हिच्या पायाने ठोका येतो."

"मग त्यांनाच बसू द्या. ठोका बघायलाच तर खाली उतरलोय."

काकू बसल्या. ब्रेक दाबला, पहिला गिअर टाकला. आणि मला पुन्हा तो जुना पाय भेटला. थरथरत होता, पण सुटला मात्र तसाच, बाळाच्या डोक्याखालून हात काढल्यासारखा. गिअरबॉक्स उचलला गेला. ठक्. मागचा गिअर. ठक्.

"पुन्हा एकदा," मिस्त्री म्हणाले. मग त्यांनी पहारीचं टोक माझ्याशेजारी घातलं आणि हलकेच दाबलं. माझं रबर पोपड्यासारखं कड्यापासून उचललं गेलं.

खड्ड्यातून मिस्त्रींचा आवाज आला, "बाई, लोण्यातून सुरी काढावी तसा पाय काढताय तुम्ही. ठोका तुमचा नाही. बुश गेलाय."

वर काकूंनी इंजिन बंद केलं.

मला काढलं तेव्हा गिअरबॉक्सला खालून टेकू दिला होता. बोल्ट ओढला, पट्टी उतरवली, ती मोठ्या पकडीत धरली आणि लोखंडी वाटी लावून मला दुसऱ्या बाजूने बाहेर ढकललं. पंचवीस वर्षांचं घर सोडायला अर्धी मिनिटही लागली नाही. नवा बुश बसवायला मिस्त्रींनी साबणाचं पाणी घेतलं. तो थोडा अडला, तशी काकांची कुपी खिशातून बाहेर आली.

"थेंबभर तेल घ्या की. सरकन जाईल."

मिस्त्रींचा हात थांबला. "तेल? रबराला?" मग त्यांनी मला उचलून दाबलं. माझ्या अंगातून तेल पाझरलं. "तरीच म्हटलं हा असा सुजलाय का. कोणी वर्षानुवर्षं पाजत होतं काय याला?"

काकांच्या हातातली कुपी खाली आली. तिचा पत्रा दाबला गेल्याचा बारीक आवाज तेवढा झाला.

"मीच," ते म्हणाले. मग त्यांनी काकूंकडे वळून पुन्हा तेच म्हटलं, "अगं, मीच."

काकूंनी विचारलं ते मिस्त्रींना. "आठ तासांचा प्रवास सोसेल का या गाडीला?"

"बोल्ट शेवटचा आवळायचाय. गाडी चाकांवर उभी राहू दे, सगळं वजन जागेवर बसू दे, मग आवळतो. त्याआधी आवळला तर नवा बुशही पिळवटेल. त्यानंतर कुठेही न्या."

गाडी विकायचा विषय परत निघाला नाही. काकांनी मला जुन्या फडक्यात गुंडाळून घरी आणलं आणि दाराशेजारच्या फळीवर ठेवलं. का, ते त्यांनी सांगितलं नाही. भंगारात टाकायला जीव झाला नसावा.

आज सकाळी दोघं निघाले. काका म्हणाले, "ताई ओळखतील ना गं? त्यांचा मुलगा म्हणत होता, हल्ली विसरतात."

"केसांना हात लावला की ओळखेल," काकू म्हणाल्या आणि जरा थांबून, "नाही ओळखलं तरी विंचरीन." मग एकदम त्यांचा आवाज चढला. "अहो, ती कुपी कुठे नेताय? ठेवा आधी घरी!"

काकांनी कुपी फळीवर ठेवली, माझ्याच शेजारी. दार लागलं. मी लाकडातून ऐकत राहिलो. इंजिन सुरू झालं. पहिला गिअर. क्लच. मी सवयीने अंग आवळून धरलं.

काहीच वाजलं नाही. गाडी फाटकातून निघून गेली.

मित्रांनो, मी आता कुणाच्याच कामाचा नाही. आठ महिने परत आणण्याचं बळ माझ्यात नाही, आणि ताईंच्या मनात काय उरलं असेल ते मला इथून कळण्यासारखं नाही. एवढंच मागणं आहे. तुमच्या घरात काही कुरकुरलं, वस्तू असो की माणूस, तर त्याला गप्प करायची घाई करू नका. खाली वाका, नीट बघा, काय दुखतंय ते ओळखा. आणि ठोका ऐकू आला तर जवळ जो दिसेल त्याच्यावर आळ घेऊ नका.

कुपीच्या बुडातून थोडं तेल झिरपतंय. फळीवरून ओल हळूहळू माझ्याकडे येतेय. तिचाही काही वाईट हेतू नाही. मला बाजूला सरकता येत नाही, आणि घरात कोणी नाही.